आडवी रेघ

तिसऱ्या दिवशीही आबांचा ताप उतरला नव्हता.
कोपरखैरण्याच्या आमच्या बैठ्या खोलीत
पंखा एकवर, अंगावर गोधड्या दोन,
आणि उशाखाली गोळ्यांच्या तीन पट्ट्या.

एक तापाची.
एक सर्दीची, शेजारच्या इंदुताईंनी दिलेली.
तिसरी कंबरेची, जुनीच.
कांदा-बटाटा मार्केटात बत्तीस वर्षं
गोणी वाहिलेल्या कंबरेला
तीच एक हिरवी पट्टी ओळखते.

"दुखणी तीन, गोळ्या तीन," आबा म्हणाले.
मलाही ते पटलं.
मी बी.कॉम. आहे.

रात्री दहाला मेडिकलचं शटर अर्धं खाली आलं होतं.
आणखी एक पट्टी मागितली तर
तहमीना मुकादम म्हणाल्या, आधीच्या दाखवा.
पिशवीत होत्याच, नाव सांगता यावं म्हणून आणलेल्या.
त्यांनी पट्ट्या उलट्या केल्या,
मोबाइलचा उजेड धरला,
गोळी काढताना फाटलेली अक्षरं बोटाने जुळवली.
"पॅरासिटामॉल.
हेही पॅरासिटामॉल.
आणि हे बघा, कंबरेच्या गोळीत सुद्धा.
एकच माणूस, तीन सदरे घालून आलाय तुमच्या घरी."

मग बिलाच्या पाठीवर बेरीज:
साडेसहाशेच्या चार,
पाचशेच्या तीन,
सव्वातीनशेच्या दोन.
एका दिवसात पावणेपाच हजार.
"चार हजारांच्या वर धडधाकट माणसानेही जायचं नाही.
वजन किती आबांचं?"
अठ्ठेचाळीस.
"मग त्यांची हद्द अजून अलीकडे. घेतात का?"
अंगठा ओठांकडे नेऊन त्यांनी विचारलं.
मी काउंटरवरच्या खोकल्याच्या गोळ्यांकडे बघत राहिले.

"आता एकही द्यायची नाही. रिक्षा करा.
पट्ट्या सोबत न्या.
काही होत नाही म्हणाले तरी न्या,
लिव्हर पहिले दोन दिवस बोलतच नाही."

रिक्षात आबा चिडलेले. ताप मला, लिव्हरचं काय?
मी म्हटलं, ते हमालच असतं आबा.
किती टाकलं पाठीवर ते सांगत नाही,
आणि एक दिवस मधेच बसतं.
जुहूगावच्या सिग्नलपर्यंत ते गप्प होते.
"बाईचं आडनाव काय म्हणालीस?"
मुकादम.
"मग ऐकायला पाहिजे."

वाशीच्या पालिकेच्या दवाखान्यात
रात्री रक्त घेतलं, सकाळी पुन्हा घेतलं.
निभावलं.
डॉक्टरीणबाईंनी दोन पट्ट्या टेबलावरच ठेवून घेतल्या.
उद्यापासून एकच गोळी, ताप असेल तरच,
मधे सहा तास,
दिवसात चारच्या वर नाही. दारू बंद.
परवापर्यंत ताप राहिला तर गोळी वाढवायची नाही, इथे यायचं.

दुसऱ्या दिवशी आबांनी खडू मागितला.
लोखंडी कपाटाच्या दारावर
गोळीमागे एक उभी रेघ,
शेजारी वेळ मी लिहायची.
मार्केटात गोण्या अशाच मोजत:
चार उभ्या, पाचवी आडवी,
की एक जुडी पुरी.

रात्री साडेअकराला चौथी रेघ झाली.
दोन वाजता जाग आली तर आबा कपाटापाशी उभे,
अंग भट्टीसारखं,
हातात खडू.
"आडवी मारल्याशिवाय हिशोब मिटत नाही गं."

नाही मिटू दे, म्हटलं.
फडकं भिजवून आणलं, कोमट पाण्याचं.
खडू त्यांनी बंडीच्या खिशात टाकला,
नाराजीने,
काम अर्धं टाकून निघालेल्या माणसासारखा.

ताप पहाटे उतरला की सकाळी, मला आठवत नाही.
नऊला इंदुताई चौकशीला आल्या,
त्यांचंही डोकं दुखत होतं, हातात दोन पट्ट्या.
आबांनी त्या मागून घेतल्या, उलट्या केल्या,
आणि मुंगीएवढ्या अक्षरांवर बोट ठेवलं,
आधी एकीवर, मग दुसरीवर.
"हा बघ. आणि हाही तोच."

आबांना वाचता येत नाही.
मी वाकून पाहिलं.
बोट बरोबर जागी होतं.