गणवेशांचा रॅम्प

मॉडेल मी काढतच नाही.
चेहरा जमेतो ती वळलेली असते.

अक्कलकोट रोडचं मंगल कार्यालय,
लग्नातलाच लाल गालिचा,
कडेला अक्षता अजून चिकटलेल्या.
नर्सचा पांढरा, वॉचमनचा खाकी,
मग दोन वेण्या घालून
शाळेच्या फ्रॉकात पंचविशीची एक बाई.
व्यापारी टाळ्या वाजवत नाहीत,
कापड चिमटीत धरून बघतात.

पडद्यामागे यल्लूबाई बोद्दूल,
ओठांत टाचण्या,
काजं तपासतेय.
माझा कोळसा तिथंच थांबला.

कागद पाहून तिनं टाचण्या काढल्या,
"अंगठा चुकला की ओ,"
म्हणत स्वतःचा पुढे केला.
सुईनं चाळण झालेला.

पुसून पुन्हा काढतोय.
दिवे गेले, लोक जेवायला उठले.
ती तसाच धरून उभी,
म्हणते, घाई नाही.