इथून पुढे दुसरी

नाशिकरोडच्या छापखान्यात
टपाल-तिकिटांचे ताव मोजताना
माझ्या उजव्या हाताला बसायची यमुना तांबट.
अंगठा ओल्या स्पंजवर, मग कागदाच्या कडेवर.
ओठ हलायचे, आवाज नाही.
तिचा ताव कधी चुकला नाही.

नवव्या वर्षी कळलं मला.
ओव्हरटाइमचा रविवार, कॅन्टीनच्या टीव्हीवर
जुना काळापांढरा हिंदी सिनेमा,
उसाच्या कडेनं धावणारी फ्रॉकमधली मुलगी.
यमुना वाटाणे निवडून बाजूला काढत होती डब्यातल्या पोह्यांतून.
मान वर न करता म्हणाली, "आता पडेल."
मुलगी पडली.
"डाव्या पायातली चप्पल राहील मागं."
राहिली.
मग नुसती पावलं धावली पडदाभर,
धावता धावता मोठी झाली, पैंजण आले,
कॅमेरा वर चढला,
आणि तिथे भलतीच कुणी, भुवया कोरलेली.
"इथून पुढे दुसरी," यमुना म्हणाली.
"इथून मी आईबरोबर
भुसावळ पॅसेंजरनं घरी."

बेबी पुखराज. निर्मात्यानं ठेवलेलं नाव.
तांबट आळीत बापाच्या हातोडीखाली
तांबं दिवसभर ओरडायचं,
आणि भिंतीवरल्या पोस्टरात लेक पुष्कराज.
चार वर्षं ती आठच वर्षांची होती.
पुढचा दात पडला तर मेणाचा बसवला;
तो एकदा भर संवादात गिळला तिनं,
"माँ, तुम कहाँ हो" म्हणताना.
हे सांगताना हसायची.

ग्लिसरीनचं विचारलं मी.
म्हणाली, महाग पडायचं.
मामा कानाशी वाकायचा,
"आई चालली बघ तुला टाकून."
आणि फाटकाबाहेर खरोखरीच
मोटार सुरू करायला लावायचा कुणाला तरी.
पहिल्या टेकला ओके.
सात सिनेमे.
पैशांचं काय झालं ते मामाला ठाऊक,
आणि मामा तर गेला.

आई वारली तेव्हा आम्ही सगळ्या गेलो होतो अमरधामला.
ती रडली नाही.
फक्त चेहरा किंचित डावीकडे वळवला,
उजेड जिथून येत होता तिकडे,
आणि हनुवटी खाली, बोटभर.
बायका कुजबुजल्या.
घरी जाताना रिक्षात मला म्हणाली,
"गाडी चालू असल्याचा आवाज येत होता गं,
सारखा. बाहेर."

रोज सुटताना फाटकावर झडती.
अंबाडा, डबा, पदराचं टोक.
झडती घेणारी हौसाबाई रोज तेच म्हणायची,
"चला, काही नाही."
तीस वर्षं. काही नाही.

निवृत्तीच्या दिवशी कुणीतरी आगाऊपणा केला,
मॅडम, एखादा डायलॉग होऊन जाऊ द्या.
ती माईकपाशी गेली, नारळ एका हातात,
म्हणाली, "पंखा जरा कमी करा,"
आणि खाली उतरली.

मग बिटको चौकात पंचवटीची बस सुटायला लागली
आणि ती धावली.
शाल खांद्यावर, नारळ छातीशी,
कोपरं अंगाला चिकटलेली, मान जराशी कलती,
अगदी तशीच.
मी खाली पाहत राहिले.
अठ्ठावन्न वर्षांची पावलं, डावी चप्पल सैल.
मग भीत भीत वर पाहिलं.
तीच होती.

कंडक्टरनं हात देऊन ओढून घेतलं तिला.
सुट्टे दोन रुपये सकाळी माझ्याकडून नेले होते,
ते राहिलेच.