त्रासबाई

तिचं नाव विनी ट्रास्क.
आमच्या दौलू पेंटरनं बोर्डावर लिहिलं 'विनी त्रास',
मॅनेजर इंगवले खालनं बघून म्हणाले, असू दे,
रंग महाग झालाय.
तेव्हापासनं अख्ख्या लक्ष्मीपुरीत ती त्रासबाई.

रविवारी सकाळचा खेळ, इंग्रजी.
कॉलेजची पोरं यायची, दोन वकील यायचे,
आणि तालमीतनं थेट, कानामागं तांबडी माती तशीच,
हिंदुराव पैलवान.
त्याला यस आणि नो एवढंच कळायचं.
पण ती लॉर्डाच्या कानाखाली वाजवायची तेव्हा
मांडीवर थाप मारून तोच ओरडायचा :
आत्ता कसं!

मी वर, केबिनमध्ये,
बाबालाल मुजावरांच्या हाताखाली,
कार्बनच्या धुरात रिळं उलटी गुंडाळत.
प्रिंट आमच्याकडं यायची ती
मुंबई, पुणं, सोलापूर, मिरज
सगळ्या मशिनींचे दात खाऊन.
तुटायचीच.
तुटली की खाली शिट्ट्या,
वर ब्लेड, सिमेंट, फुंकर,
आणि जोडताना दोन-तीन चित्रं कामी यायची.
बाबालाल म्हणायचे, टाक बादलीत.
बाकीच्यांची टाकायचो.
तिची, तपकिरीच्या डबीत.

जिना उतरतानाची तिची एक पायरी
माझ्याकडं आहे.
कोल्हापूरच्या पुढं, निपाणीला, बेळगावला,
ती पायरी कुणी पाहिली नाही.
तिथं ती किंचित उडी मारून खाली आली असेल,
लोकांना वाटलं असेल, केवढी चपळ बाई.

बाकीची ती रद्दीत सापडली.
भेळेच्या कागदावर, जुन्या मासिकात.
मासळीच्या बंदरावरचं गाव,
बाप बर्फाच्या कारखान्यात.
पहिलं लग्न कॅमेरावाल्याशी,
दुसरं कुणाशी, ते पान तेलकट.
सत्ताविसाव्या वर्षी नाव सगळ्यांच्या वर.
पस्तिसाव्या वर्षी तिसरं.
मग नायकाची आई,
आणि नायक तिच्याहून चार वर्षांनी लहान.

एका सिनेमात ती क्षयानं मरते म्हणे.
शेवटचं रीळ मिरज जंक्शनवरच राहिलं.
इंगवल्यांनी आदल्या सीनवर 'समाप्त'ची काच लावली,
लोक उठले, टांगे धरले.
आमच्या गावात ती अजून
खिडकीशी शाल घेऊन बसलीय,
बरी होत.

शेवटचं आलं त्यात
तिला एक दार होतं.
दार उघडायचं, म्हणायचं, साहेब घरी नाहीत,
दार लावायचं.
दौलूनं बोर्डावर तिला काढलंही नाही.
हिंदुराव आला होता, गुडघे गेलेले, काठी टेकत.
दार लागलं तसा मागं वळला
आणि अंधारात, केबिनच्या भोकाकडं बघून म्हणाला,
एवढंच व्हय?

ती प्रिंट नवी होती. कुठंच तुटली नाही.
रात्री मीच कात्री लावली.
चार चित्रं.
बाबालालना दिसलं असणार.
ते कांडी बदलत राहिले, पाठ करून,
एका कांडीला लागतो त्याहून बराच वेळ.

ती गेली ते कळलं चार महिन्यांनी,
गंगावेशीत, दुधाच्या कट्ट्यावर,
कुणीतरी टाकून गेलेल्या पेपरात.
फेस बसेपर्यंत वाचत राहिलो.
दोनच ओळी होत्या.
त्यातही वय चुकलेलं, मला वाटतं.

टॉकीज पडलं. तिथं आता लग्नं लागतात.
डबी उघडली की आंबूस वास येतो,
फिल्म जुनी झाली की आतनंच नासते,
औषध नाही.
परवा नातीनं एक तुकडा काढला,
मोबाइलच्या उजेडावर धरला.
नखाएवढं दार, नखाएवढी बाई,
तोंड उघडलेलं, शब्द अजून यायचाय.
कोण ओ ही, आजोबा?

कडेनं धर, म्हटलं.
अंगठा लागला की चेहरा जातो.