रिफेतच्या घरात घेवडा

रिफेत,
आधी दाराचं सांगते.
दार जळालं, दगडी चौकट उरली.
मागच्या भिंतीला भगदाड आहे,
एवढं की गाय आत शिरेल,
तरी मी चौकटीतूनच जाते
उंबरठ्यावर बूट झटकून.
आतही मातीच आहे,
तरी झटकते.

छप्पर नाही हे तुला कळलंच असेल.
एका मार्चमध्ये द्रिनेवरून वारा
सुरीसारखा येत होता,
माझ्या वाफ्यांवर हातभर बर्फ,
आणि तुझ्या स्वयंपाकघरात जमीन ओली, काळी, मोकळी.
विटेला हात लावला,
निजलेल्या म्हशीच्या पोटासारखी ऊबदार.
विचारायला तुझा नंबर नव्हता.
टोमॅटो लावून टाकले.

सुरुंग काढणारी पोरं दोनदा तपासून गेली होती.
त्यांची पिवळी फीत राहिली, तिनंच वेल बांधते.
कौलांच्या खापऱ्या वेचण्यात दोन उन्हाळे गेले.
कॉफीच्या जात्याची मूठ सापडली, ती ठेवलीय.
काडतुसांची टरफलं परडीभर निघाली,
ती भंगारात घातली, त्या पैशांत झारी आली.
झोपायच्या खोलीत मिरची आहे.
रागावू नकोस, ऊन तिथेच जास्त.

आता ज्यासाठी फोन केला ते.
जिन्याखाली गिलावा टिकलाय थोडा.
त्यावर खिळ्यानं ओढलेल्या रेघा आहेत,
अल्मासाच्या उंचीच्या.
शेवटची माझ्या कोपराला लागते.
एप्रिल, ब्याण्णव.

तिथे मी घेवडा लावलाय.
मुद्दाम नाही, जागा तेवढीच उरली होती.
जूनमध्ये तो पहिली रेघ गाठतो,
जुलैत कधीतरी शेवटची ओलांडतो,
आणि त्या दिवशी दरवर्षी
माझ्याकडून पाणी घालायचं राहून जातं.

ऐकतोयस ना?

भिंतींना कान असतात म्हणायचो आपण
त्या दिवसांत, रेडिओ बारीक करून.
आता शेंगा असतात.

बी वाळवलंय मूठभर.
गोथेनबर्गच्या पत्त्यावर पाठवते.
तिकडच्या थंडीत रुजेल का, ठाऊक नाही.
रुजलंच तर भिंतीशी लाव,
आधाराला काठी दे,
रेघ मारू नकोस.

किंवा मार.
भिंत तुझी आहे.