कारण केळी

तक्रार मीच केली होती.
हे आधी सांगते, मग पुढचं ऐका.
दहा किलोत पाऊण किलो कमी,
घरच्या तागडीला दोनदा घातलं,
एकदा भावजयीच्या समोर.
अर्जाखाली अंगठा नव्हे, सही केली:
चांगुणा कुंभार.

शुक्रवारी जीप आली.
रवळू बिर्जे तेव्हा खानापुरात,
चलन भरायच्या रांगेत.
त्याच्या बायकोनं किल्ली दिली, पाणी दिलं.
साहेबांनी पोती मोजली
लांबूनच, बोटानं.
महजरवर दोन पंच:
एक जीपचा ड्रायव्हर,
दुसरा आमचा मारुती सडेकर,
ज्याला कानडी वाचता येत नाही
आणि त्या दिवशी चष्माही नव्हता.

सोमवारी दारावर कागद.
जांभळा शिक्का, अर्धाच उठलेला.
हायस्कुलातल्या पोरीनं वाचलं: अमानत्तु.
रवळू म्हणाला, अमानत म्हणजे ठेव नव्हं?
माझं काय ठेवून घेतलंय?
पोरगी म्हणाली, लायसन.

आत सत्तावीस पोती.
उंदरांना तेवढी बंदी नाही.

आम्हाला जोडलं नंदगडच्या दुकानाला,
सात किलोमीटर.
काजूच्या चिकानं माझ्या अंगठ्याच्या रेषा गेल्यात,
मशीन म्हणतं, ही ती बाई नव्हे.
पण तिथलं माप बरोबर आहे,
तेही सांगायला पाहिजे.
गावात अर्धे म्हणाले, बरं झालं, लई खाल्लं त्यानं.
अर्धे माझ्या दारावरनं जाताना थुंकले.
मी माप मागितलं होतं.
कुलूप कुणी मागितलं?

एका रात्री रवळूच आला.
भांडायला असेल म्हणून मी पोराला हाक मारली.
तो उंबऱ्याबाहेरच बसला.
म्हणाला, अर्जात काय लिहिलंस ते वाचून दाखव.
मला कुणी दाखवलं नाही.

त्याच्यावरचा आरोप
त्याला मी वाचून दाखवला,
चिमणीच्या उजेडात, लाईट गेली होती.
दोनदा.
तो म्हणाला, गोदामातनं पन्नासचं पोतं
अठ्ठेचाळीस भरून येतंय. ते दोन किलो
मी कुणाच्या पिशवीतनं काढू?
मी म्हटलं, दोन किलोचा हिशेब झाला. बाकीचं?
बराच वेळ गप्प.
बाकीचं सांगीन, म्हणाला,
पण विचारलं तर.

मग आम्ही एकाच बसनं खानापूरला गेलो.
माझं तिकीट फुकट, त्याचं नाही.
कारकून म्हणाला, ऑर्डर झाली,
आता मागनं येईल कारण केळी नोटीस.
मला ऐकू आलं, केळी.
बाकावर पेन्शनसाठी बसलेले बिडीचे बसनगौडा हसले,
मोडक्या मराठीत म्हणाले,
केळु म्हणजे विचार, बाई.
आणि केळु म्हणजेच ऐक.
आमच्यात एकच शब्द.

आमच्यात दोन.
पण त्या कचेरीत
दोन्ही भाषांतला एकही
कुणी अजून वापरला नव्हता.

मी दुसरा अर्ज लिहिला तिथंच, खिडकीच्या कट्ट्यावर:
माझी तक्रार खरी आहे, मागे घेत नाही.
याला समोर बोलवा, मलाही बोलवा,
पोती उतरवून वजन करा,
मग काय करायचं ते करा.
कारकूनानं विचारलं, तुम्ही कुणाच्या बाजूच्या?
फॉर्मात तसा रकाना होता.
मी म्हटलं, पोच द्या.
त्यानं शिक्का मारला.
हाही अर्धाच उठला.

परतताना नंदगडला उतरलो.
आठव्या खेपेला माझा अंगठा लागला.
पिशवी बसमध्ये चढवताना रवळूनं
हातातच जरा झुलवली,
बावीस वर्षांची सवय,
म्हणाला, दहा. बरोबर हाय.

तरी घरी आल्यावर
मी तागडीला घातलीच.