हेझ्ब्रा

पाटीवर हॅपिसबर्ग.
मी अक्षर न् अक्षर वाचलं,
तर इडा बुलिमोर फाटकाला रेलून म्हणाली,
“हेझ्ब्रा. बाकीचं सोडून द्यायचं.”

वही घेऊन शब्द गोळा करायला आलो होतो.
ड्वाइल म्हणजे काय, विचारलं.
तिनं बादलीत हात घातला,
कळकट फडकं पिळलं
आणि उंबऱ्यावरचा माझ्या बुटांचा चिखल पुसला.
मी लिहिलं : फरशी पुसायचं फडकं.
वहीत ते कोरडंच राहिलं.

मार्डल म्हणजे उभ्याउभ्या गप्पा.
मार्डल म्हणजे गुरं पाणी पितात ते तळंही.
“तहान ती तहानच,” म्हणाली,
चहावर साय धरली तरी बोलत राहिली.

निघताना विचारलं,
नावातली एवढी अक्षरं गेली कुठं?
तिनं नुसती हनुवटी उचलली.
तिकडं रस्ता हवेतच संपत होता,
कड्याखाली समुद्र
कुणाच्या तरी न्हाणीघराची निळी फरशी
चघळत बसलेला.

“माझं घर चौथं होतं त्या बाजूनं.
आता पहिलं.”

मी पाटीपाशी परत आलो.
स्पेलिंग सगळं उतरवून घेतलं,
न उच्चारायची अक्षरं
जरा दाबूनच.