सावकाश गल्ला

डेल्फझाइलच्या दुकानात पाच गल्ले.
चार धावतात. पाचवा माझा.
वर पाटी: घाई नाही.
मॅनेजरने पहिल्यांदा बसवलं तेव्हा वाटलं,
मला बाजूला काढलंय,
निबर मुळ्यासारखं.

इथे येणारी माणसं सामान कमी आणतात.
ट्राइन्त्ये आणते मांजराच्या खाण्याचा एक डबा.
मांजर मार्चमध्येच गेलं.
मी विचारत नाही. मशीन बिप करतं,
ती मांजराविषयी सांगते,
आम्ही दोघी वर्तमानकाळातच बोलतो.

फोक्को, सतरा वर्षांचा, टोपी भुवयांपर्यंत,
च्युइंगगमचं पाकीट उलटसुलट करत
हवामानाबद्दल बोलतो.
वारा फार आहे, म्हणतो.
मला कळतं, तो वारा घरातला.

आणि रूल्फ. रोज एक कांदा.
निवडून, दाबून, कानाशी धरून,
जणू कांदा काही सांगणार आहे.
"मॉई," म्हणतो येताना,
"मॉई," म्हणतो जाताना.
आमच्या या भागात भेटीला आणि निरोपाला
एवढा एकच शब्द.
मधली जागा ज्याची त्याने भरायची.

मी कुणाला बरं करत नाही.
मला ते येत नाही.
मी कांदा वजनाला ठेवते आणि विचारते,
गुडघा काय म्हणतोय?

मग नोव्हेंबर आला,
चार वाजता संध्याकाळ घेऊन.
घरात कपांची उतरंड लागली सिंकमध्ये.
बहिणीचे फोन वाजून वाजून थांबले.
दात घासायचे म्हणजे
आधी ब्रशपर्यंत जायचं.
कामावर येत राहिले,
कारण गणवेश दाराला टांगलेला होता
आणि त्यात शिरलं की
निम्मी मी आपोआप उभी राहायची.

एका मंगळवारी कांद्याचा नंबर
मी तीनदा चुकीचा दाबला.
रूल्फने वर पाहिलं.
"हिल्ये," म्हणाला, "तुझं पाणी खाली गेलंय."

चाळीस वर्षं तो कालव्याच्या दारांवर होता.
कधी बोलला नव्हता त्याबद्दल.

"बोट खालच्या पाण्यात असते ना,
तेव्हा वरचं दार उघडायला जायचंच नाही.
दहा माणसं लावलीस तरी हलत नाही,
पलीकडे सगळा कालवा टेकून उभा असतो.
खाली एक झडप असते. लहान.
ती उघडायची आणि थांबायचं.
बोटवाले ओरडतात, घड्याळ दाखवतात.
ओरडू द्यायचं.
पाणी सारखं झालं की
तेच दार एकटा माणूस ढकलतो."

"आणि तोवर?"

"तोवर दोर हातात धरायचा.
खुंट्याला बांधून टाकायचा नाही.
बांधलेली बोट वर येत नाही, अडकून बुडते."

मागे तिघं उभे होते.
एक जण खाकरला,
पाटी वाचली,
आणि दह्याच्या डब्यावरची तारीख बघत बसला.

घरी गेल्यावर सगळं सुरळीत झालं, असं नाही.
बहिणीला फोन केला नाही.
एक कप धुतला.
एकच. उरलेल्यांकडे पाठ करून झोपले.
बुधवारी काहीच नाही.
गुरुवारी डॉक्टरच्या दवाखान्यात फोन लावला,
पलीकडून आवाज आला, तशी ठेवून दिला.
पुन्हा लावला.
सोमवारची वेळ मिळाली, सव्वानऊ.
हातावर पेनाने लिहून घेतली,
धुतली तरी दोन दिवस निळी राहिली.

शनिवारी रूल्फने पट्ट्यावर दोन कांदे ठेवले.
मी चकित. पाहुणे?
पैसे दिले, एक खिशात घातला,
दुसरा माझ्याकडे सरकवला.
"सूप कर," म्हणाला.
"चिरताना रडू आलं,
तर कांद्यावर ढकल."

"मॉई," म्हणाला आणि गेला.

रात्री सुरी काढली, पातेलं काढलं,
त्यासाठी आणखी दोन कप हलवावे लागले,
ते धुतलेच मग.
चिरला. रडले. पुष्कळ वेळ.

कांदा तसा फार तिखट नव्हता.